प्राचीन इजिप्तमधील मुखरोग : शब्दांची साक्ष व अस्थींची साक्ष

१

प्राचीन इजिप्तच्या चित्रलिपीत किंचित विलग झालेल्या दोन ओठांची आडवी आकृती हे अत्यंत साधे आणि तितकेच प्रचलित चिन्ह आहे. त्याचे ध्वनिमूल्य 'र' असे असून त्याचा मूळ अर्थ 'मुख' असा होय. चित्रलिपीत केवळ व्यंजने लिहिली जात असल्यामुळे शब्दाचा मूळ उच्चार निश्चयाने सांगता येत नाही. तथापि इजिप्तच्या ख्रिस्ती समाजाने पुढे ग्रीक लिपीत लिहिलेल्या कॉप्टिक भाषेत हाच शब्द 'रो' या रूपाने टिकून राहिला, आणि तेथे त्याचा अर्थ मुख असाही होतो व दार असाही होतो. याच शब्दाने प्राचीन इजिप्शियन भाषेत उक्ती व मंत्र यांचाही बोध होतो. मृताबरोबर ठेवल्या जाणाऱ्या 'मृतांच्या ग्रंथा'तील प्रत्येक प्रकरणाला 'र' म्हणजे उक्ती असेच म्हटले आहे. गणितात अपूर्णांक लिहिताना अंकावर हेच मुखचिन्ह काढीत, आणि वैद्यकात औषध मोजण्याच्या एका लहान मापाचे नावही 'र' असेच होते. धान्य मोजण्याच्या 'हेकत' या मापाचा तीनशे विसावा भाग म्हणजे एक 'र'. आजच्या हिशेबाने सुमारे १५ मिलिलिटर, म्हणजे साधारणतः एक घोट.

एका अवयवाच्या नावाभोवती वाणी, मंत्र, द्वार, अंश आणि मात्रा एवढे अर्थ गोळा व्हावेत, यावरून त्या समाजाच्या कल्पनाविश्वात मुखाला केवढे स्थान होते ते कळून येते. मृताच्या देहावर वा पुतळ्यावर 'मुखोद्घाटना'चा विधी होत असे. त्यावाचून परलोकात त्याला अन्न घेता येणार नाही आणि बोलताही येणार नाही, अशी श्रद्धा होती. इ. स. पू. आठव्या शतकाच्या अखेरीस राजा शबाका याने मेंफिस येथील देवालयासाठी कोरविलेल्या शिलालेखात प्ताह या देवाने हृदयात योजून व जिव्हेने उच्चारून सृष्टी निर्माण केल्याचे वर्णन आहे, आणि त्यात देवांच्या नवकाची तुलना त्या मुखातील दातांशी व ओठांशी केली आहे. ही शिला आज ब्रिटिश म्यूझियममध्ये असून तिच्या मध्यभागी चौकोनी भोक आणि त्यातून चहूकडे गेलेले खोल चर आहेत. पुढील काळात तिचा उपयोग दळण्याच्या दगडासारखा झाला असावा, असे दीर्घकाळ मानले जात असे. ती एखाद्या खांबाची बैठक असावी, असे मत अलीकडे मांडले गेले आहे.

ज्या मुखाला धर्माने व भाषेने एवढी प्रतिष्ठा दिली, त्या मुखाची प्रत्यक्ष अवस्था मात्र फार शोचनीय होती. इजिप्तच्या कोरड्या वाळूत व ममीकरणाच्या प्रथेमुळे टिकलेले हजारो जबडे त्याची साक्ष देतात. एकीकडे पपायरसांवरील व शिलांवरील शब्द आणि दुसरीकडे या अस्थी, अशी साक्षीची दोन साधने या विषयाच्या अभ्यासकाला उपलब्ध आहेत. ही दोन्ही साधने एकमेकांवर घासून पाहिल्यावाचून केवळ एकावर विसंबले, तर कशी फसगत होते, हे या विषयाच्या इतिहासात वारंवार दिसून येते.

२

प्रथम शब्दांकडे वळणे इष्ट ठरेल. दाताला प्राचीन इजिप्शियन भाषेत 'इबह्' असा शब्द आहे. कॉप्टिकमध्ये तो 'ओबहे' असा होतो. दुसरा शब्द 'नहजत' असा असून तो बहुधा दाढेचा वाचक असावा. तोही कॉप्टिकमध्ये उतरला आहे. वैद्याला 'सुनू' म्हणत, आणि हा शब्द बाणाच्या चिन्हाने लिहीत. कॉप्टिकमधील 'साइन' म्हणजे वैद्य, तो याच शब्दाचा वंशज होय. दात, दाढ, मुख आणि वैद्य हे चारही शब्द अशा प्रकारे सुमारे तीन सहस्र वर्षे अखंड वापरात राहिले. इतके दीर्घायुष्य शब्दांना सहसा लाभत नाही.

'इबह्' हा शब्द लिहिताना सुळ्याचे चित्र काढीत. हेच चित्र दाताचे आणि हेच हस्तिदंताचेही. या एका चित्राने वैद्यकाच्या इतिहासात मोठा वाद निर्माण केला आहे. तिसऱ्या राजवंशातील राजा जोसेर याच्या कारकीर्दीत, म्हणजे इ. स. पू. २६५०च्या सुमारास, हेसी-रे नावाचा एक उच्च अधिकारी होऊन गेला. सक्कारा येथील त्याच्या थडग्यातील कोरीव लाकडी फळ्या आज कैरो येथे असून त्या काळातील शिल्पकलेचा तो उत्कृष्ट नमुना समजला जातो. या फळ्यांवर त्याच्या ज्या पदव्या कोरल्या आहेत, त्यांतील एकीत 'महान' या अर्थाचे पाकोळी पक्ष्याचे चिन्ह, त्यानंतर सुळा आणि त्यानंतर बाण अशी चिन्हे येतात. सुळा म्हणजे दात आणि बाण म्हणजे वैद्य असे वाचले, तर हेसी-रे हा 'दंतवैद्यांचा प्रमुख' ठरतो, आणि इतिहासात ज्याचे नाव ठाऊक आहे असा जगातील पहिला दंतवैद्य म्हणून त्याचा गौरव अनेक ग्रंथांत याच आधारावर केलेला आढळतो. परंतु सुळा म्हणजे हस्तिदंत आणि बाणाने लिहिलेला शब्द म्हणजे कापणारा असे वाचले, तर तोच पुरुष 'हस्तिदंत कोरणाऱ्या कारागिरांचा प्रमुख' होतो. व्याकरणाच्या दृष्टीने दोन्ही वाचने संभवनीय आहेत. हेसी-रेच्या अन्य पदव्या त्याला राजलेखकांचा अधिकारी म्हणून दाखवितात. त्यांच्या साह्याने हा प्रश्न एका बाजूस झुकविता येत नाही. जगातील 'पहिला दंतवैद्य' हा मान असा एका सुळ्याच्या वाचनावर अवलंबून आहे.

याचा अर्थ दंतवैद्य ही संस्थाच इजिप्तमध्ये नव्हती असा मात्र नव्हे. प्राचीन राज्याच्या काळातील काही पदव्यांत डोळ्याचे चिन्ह आणि त्याखाली सुळा अशी जोडी आढळते. २००६ साली सक्कारा येथे थडगी लुटणारे चोर पकडले गेले आणि त्यांच्या मागावरून चार हजारांहून अधिक वर्षांपूर्वीची तीन थडगी उघडकीस आली. त्यांच्या स्वामींच्या पदव्यांतही हीच जोडी होती, आणि ते राजघराण्याचे दंतवैद्य असल्याचे जाहीर करण्यात आले. येथे डोळ्याचे चित्र पाहून नजरेचा वा तपासणीचा बोध करून घेणे चुकीचे होईल. डोळ्याचे चिन्ह येथे 'इर' या ध्वनीसाठी वापरले आहे, आणि 'इर' म्हणजे करणे. मराठीत 'करणारा' म्हणून जसे व्यवसायाचे नाव बनते, तशीच ही 'दातांचे करणारा' अशी पदवी आहे. हा पुरुष दातांचे नेमके काय करीत असे, हे पदवी सांगत नाही. इ. स. पू. पाचव्या शतकात ग्रीक इतिहासकार हिरोडोटस याने इजिप्तमध्ये प्रत्येक रोगाचा वैद्य वेगळा असतो, डोळ्यांचा निराळा, डोक्याचा निराळा, दातांचा निराळा, असे लिहून ठेवले आहे. परंतु पदव्यांवरून ज्ञात झालेले दंतवैद्य अन्य वैद्यांच्या मानाने फारच थोडे आहेत, आणि त्यांतील बहुतेक प्राचीन राज्याच्या काळातील आहेत. हिरोडोटस त्यांच्यानंतर सुमारे दोन सहस्र वर्षांनी आला, हे विसरून चालणार नाही.

३

आता अस्थींची साक्ष पाहावयाची. विसाव्या शतकाच्या आरंभी ग्राफ्टन एलियट स्मिथ व फ्रेडरिक वुड जोन्स यांनी न्यूबियातील पुरातत्त्वीय पाहणीत सहस्रावधी सांगाडे तपासले. मार्क आर्मंड रफर याचा इजिप्शियन दातांवरील विस्तृत अभ्यास त्याच्या मृत्यूनंतर १९२० साली प्रसिद्ध झाला. पुढे इंग्रज दंतवैद्य एफ. फिल्स लीक याने १९६६ ते १९७२ या काळात इजिप्शियन कवट्यांतील दंतविकार, दंतवैद्यकाचा व्यवसाय आणि दात व भाकरी यांचा संबंध या विषयांवर क्रमाने लेख लिहून या अभ्यासाला निश्चित दिशा दिली. १९६०च्या दशकात मिशिगन विद्यापीठाच्या जेम्स हॅरिस याने राजांच्या ममींची क्ष-किरण चित्रे घेण्यास आरंभ केला, आणि २००९ साली रॉजर फॉरशॉ याने तोवरच्या निष्कर्षांचा साकल्याने आढावा घेतला.

या सर्व अभ्यासांतून एक गोष्ट निर्विवादपणे पुढे येते. प्राचीन इजिप्तचा प्रमुख दंतविकार म्हणजे दात किडणे नव्हे, तर दात झिजणे हा होय. राजवंशपूर्व काळातील जबड्यांत कीड क्वचितच आढळते. ती ग्रीक व रोमन अमलात वाढत गेली. उसाची साखर इजिप्तमध्ये इस्लामी राजवटीच्या काळात आली. त्यापूर्वी गोडासाठी मध, खजूर, अंजीर हेच पदार्थ होते, आणि मध सर्वसामान्यांना सहज परवडण्यासारखा नव्हता. झीज मात्र सर्व काळांत, सर्व थरांत आणि तरुण वयापासून दिसून येते. प्रौढ माणसाच्या दाढांवरील उंचवटे नाहीसे होऊन त्या सपाट झालेल्या असतात. पुष्कळदा वरचे कठीण आवरण संपूर्ण झिजून आतला मऊ भाग उघडा पडलेला असतो.

झीज हळूहळू होत असेल, तर दात आतल्या बाजूस नवा थर निर्माण करून आपल्या गाभ्याचे रक्षण करतो. झिजण्याचा वेग या संरक्षणाच्या वेगाहून अधिक झाला म्हणजे नसा व रक्तवाहिन्या असलेला गाभा उघडा पडतो. त्यात जंतूंचा प्रवेश होतो, गाभा सडतो, संसर्ग मुळाच्या टोकाशी पोहोचतो आणि तेथे पू साचून गळू होते. हा पू हाड पोखरून बाहेर पडण्याची वाट शोधतो. जबड्यांच्या हाडांत आढळणारी गोल गुळगुळीत छिद्रे ही त्याचीच खूण होय. हिरड्यांचे रोग व दातांवर चढलेले किटण यांची त्यात भर पडे, आणि दात हलू लागून गळून पडत. ज्या काळी पू आटोक्यात आणणारे औषध नव्हते, त्या काळी असा संसर्ग रक्तात पसरून माणूस दगावणे सहज शक्य होते.

या झिजेचे मूळ कोठे होते? त्याचे उत्तर भाकरीत आहे. इजिप्शियनांच्या जीवनात भाकरी व जवाची मद्य-पेज या दोन पदार्थांना जे स्थान होते, ते थडग्यांवरील अर्पणमंत्रांवरून स्पष्ट होते. मृतासाठी पहिली मागणी याच दोहोंची असते. मिलेटसच्या हेकाटियस या ग्रीक लेखकाने इजिप्शियनांचे वर्णन 'भाकरी खाणारे लोक' असेच केले होते. राजांची थडगी खोदणाऱ्या देर-एल-मदिना येथील कामगाराला दरमहा चार 'खार' गहू आणि दीड 'खार' जव एवढे वेतन धान्यरूपाने मिळे. एक 'खार' म्हणजे सुमारे ७७ लिटर. म्हणजे एका कुटुंबाला महिन्याला तीनशे लिटरांहून अधिक गहू मिळत असे.

हा गहू महाराष्ट्रात ज्याला खपली म्हणतात त्याच जातीचा होता. खपलीच्या दाण्याला टरफल घट्ट चिकटलेले असते. साध्या मळणीने ते सुटत नाही. म्हणून तो आधी दगडी उखळात कांडावा लागे, मग पाखडून दळावा लागे. दळण्याचे साधनही फिरते जाते नव्हते. जाते इजिप्तमध्ये ग्रीक-रोमन काळातच रूढ झाले. त्यापूर्वीचे साधन पाटा-वरवंट्याच्या जातीचे होते. उतरत्या दगडावर धान्य टाकून गुडघे टेकून बसलेली स्त्री दोन्ही हातांनी दुसरा दगड पुढेमागे रेटीत असे. अशा दासींच्या लहान मूर्ती थडग्यांत पुष्कळ सापडल्या आहेत. नवीन टाकी लावलेल्या जात्याचे पहिले पीठ दाताखाली कचकचते, हा अनुभव महाराष्ट्रातील मागील पिढ्यांना अपरिचित नव्हता. इजिप्तमध्ये ही कचकच रोजची होती. शेतातली माती, गारगोटीच्या पात्यांच्या विळ्यांचे कण, धान्याच्या पेवांतील खर, पाट्याच्या दगडाचा भुगा आणि वाऱ्याबरोबर उडून येणारी वाळवंटातील वाळू ही सर्व भाकरीत उतरत. थडग्यांत ठेवलेल्या आणि संग्रहालयांत जतन झालेल्या भाकऱ्यांची लीकने क्ष-किरणांनी तपासणी केली, तेव्हा त्यांत खनिज कण विपुल दिसून आले.

धान्य लवकर दळले जावे म्हणून त्यात वाळू मुद्दाम मिसळली जात असावी, असाही एक तर्क पूर्वी मांडला गेला. डेल्वेन सॅम्युअल यांनी १९९०च्या दशकात प्राचीन पद्धतीचा पाटा मांडून खपलीच्या जातीचा गहू प्रत्यक्ष दळून पाहिला आणि वाळू न घालताही चांगले पीठ निघते असे दाखवून दिले. तेव्हा वाळू मिसळण्याच्या तर्काची आवश्यकता उरत नाही. याशिवाय पपायरसाच्या लव्हाळ्याचा कोवळा भाग चघळून रस गिळण्याची व चोथा थुंकून टाकण्याची सवय इजिप्शियनांना असल्याचे थिओफ्रास्टसने नोंदविले आहे. नदीकाठच्या मातीत वाढणारी ही वनस्पती चघळण्यानेही झिजेला हातभार लागला असला पाहिजे.

४

भाकरीने केलेली ही हानी सर्वांच्या वाट्याला सारखी आली. पीठ अधिक बारीक चाळण्याची सोय श्रीमंतांना होती. तथापि पाटा एकच, वारा एकच आणि वाळूही एकच. राजांच्या ममी याविषयी निःसंदिग्ध साक्ष देतात.

इजिप्तच्या वैभवाच्या शिखरावर इ. स. पू. चौदाव्या शतकात राज्य केलेला तिसरा अमेनहोतेप याची मानली जाणारी ममी १८९८ साली राजांच्या खोऱ्यात सापडली. एलियट स्मिथने १९१२ साली प्रसिद्ध केलेल्या राजममींच्या सूचीत तिच्या दातांची दुरवस्था आणि मुळांशी झालेली गळवे यांची नोंद केली आहे. लक्सरचे भव्य देवालय उभविणारा हा सम्राट अखेरची वर्षे दातांच्या ठणक्यात काढीत असला पाहिजे. इ. स. पू. १२१३च्या सुमारास नव्वदीच्या आसपास वारलेला दुसरा रामसेस याची ममी १९७६ साली तपासणीसाठी पॅरिसला नेण्यात आली. त्याचेही दात झिजलेले, हिरड्या रोगग्रस्त आणि जबड्यात गळू, अशीच अवस्था होती. ज्यांच्या सेवेस 'दातांचे करणारे' सर्वप्रथम हजर असावयाचे, त्या राजांच्या जबड्यांत उपचाराची खूण सापडू नये, ही वस्तुस्थिती पदव्यांच्या साक्षीला मोठी मर्यादा घालते.

राजांहून अधिक हृदयस्पर्शी उदाहरण एका गायिकेचे आहे. जेदमातेसांख ही थीब्झ येथील आमून देवाच्या सेवेतील स्त्री इ. स. पू. नवव्या शतकाच्या मध्यास होऊन गेली. तिची ममी टोरांटोच्या रॉयल ऑन्टारिओ म्यूझियममध्ये आहे. १९९४ साली तिची संगणकीय क्ष-किरण तपासणी झाली, तेव्हा वरच्या जबड्यात मोठे गळू होऊन हाड पोखरले गेल्याचे दिसून आले. वयाच्या पस्तिशीच्या आसपास ती मरण पावली, आणि मृत्यूचे कारण बहुधा हाच संसर्ग असावा. देवापुढे गाणे हे जिचे जीवनकार्य, तिचे मुखच तिच्या मृत्यूला कारण व्हावे, याचा उल्लेख तिच्या शवपेटीवरील मजकुरात नाही. तेथे नेहमीचीच चित्रे व नेहमीचेच मंत्र आहेत. अस्थी उरल्या नसत्या, तर तिच्या वेदनेचा इतिहासाला पत्ताही लागला नसता.

५

मग शब्दांच्या जगात ही वेदना मुळीच उमटली नाही काय? उमटली आहे, परंतु ती पदव्यांत शोधावयाची नसून औषधांच्या याद्यांत आणि पत्रांत शोधावयास हवी.

इजिप्शियन वैद्यकाचा सर्वात विस्तृत ग्रंथ म्हणजे एबर्स पपायरस होय. इ. स. पू. १५५०च्या सुमाराची ही सुमारे २० मीटर लांबीची गुंडाळी जर्मन विद्वान गेओर्ग एबर्स याने १८७३ साली मिळविली, १८७५ साली तिची प्रतिकृती प्रसिद्ध झाली, आणि आज ती लाइपझिग विद्यापीठाच्या ग्रंथालयात आहे. तिच्यातील ८७७ कलमांपैकी ७३९ ते ७४९ ही कलमे दातांसंबंधी आहेत. या भागाचा आरंभ ज्या क्रियापदाने होतो, ते विशेष लक्ष देण्याजोगे आहे. ते क्रियापद 'समन' असे असून त्याचा अर्थ स्थिर करणे, बळकट बसविणे असा होतो. म्हणजे दंतोपचाराचे ध्येय दात 'स्थिर करणे' हे मानले आहे. कीड काढणे वा दात शुभ्र करणे हे त्याचे ध्येय नाही. हिरड्यांचे रोग व मुळांशी होणारी गळवे यांनी दात हलू लागणे हीच जर त्या समाजाची मुख्य तक्रार असेल, तर ग्रंथकाराने नेमके हेच क्रियापद योजावे यात नवल नाही. येथे शब्द आणि अस्थी यांची साक्ष तंतोतंत जुळते.

उपचार मात्र साधे आहेत. धान्याचे पीठ, मध, गेरू किंवा पिवळी माती यांचा गोळा करून तो दाताशी भरावा. काही द्रव्ये चघळून थुंकून टाकावीत. अशा प्रकारच्या त्या सूचना आहेत. मधाचा जंतुनाशक गुण आज सर्वज्ञात आहे, तेव्हा अशा लेपाने हिरडीला काही आराम पडत असणे शक्य आहे. यांतील एका कलमात मधाबरोबर येणाऱ्या द्रव्याचा अर्थ भाषांतरकारांनी दळण्याच्या दगडाची कपची किंवा खर असा लावला आहे. तो बरोबर असेल, तर ज्या दगडाने दात झिजविले, त्याच दगडाची पूड दाताला बळकटी देण्यासाठी योजिली जात होती. दगड कठीण, म्हणून दात कठीण करील, असा साधर्म्याचा विचार त्यामागे असावा. रोगाचे कारण त्या समाजाच्या ध्यानी आले नव्हते, याचा याहून बोलका पुरावा क्वचितच मिळेल.

दातांखेरीज मुखाच्या अन्य विकारांचीही दखल या ग्रंथाने घेतली आहे. रोगग्रस्त जिव्हेसाठी स्वतंत्र कलमे असून त्यांत गुळण्या करण्याची पद्धत सांगितली आहे. सुगंधी धूपद्रव्यांत मध घालून केलेल्या गोळ्या स्त्रियांनी मुखाचा वास सुगंधी व्हावा म्हणून चघळाव्यात, अशीही एक कृती आहे. जेथे हिरड्यांचे रोग सार्वत्रिक होते, तेथे मुखदुर्गंधी हा केवळ सौंदर्याचा प्रश्न नव्हता, हे उघड आहे. एल-लाहून येथे सापडलेल्या इ. स. पू. १८००च्या सुमाराच्या काहून पपायरसात दात व दाढा दुखून तोंडही उघडवेनासे झालेल्या एका स्त्रीचे लक्षण दिले आहे. तेथे वैद्याने या दुखण्याचा संबंध गर्भाशयाशी जोडला आहे. निदान आज पटण्यासारखे नाही, परंतु निरीक्षण खरे आहे. गळू झालेल्या रोग्याचा जबडा असाच आखडतो.

सर्वात जिवंत उल्लेख मात्र वैद्यकाच्या ग्रंथात नसून लेखकांच्या शाळेत गिरविल्या जाणाऱ्या एका नमुना-पत्रात आहे. ब्रिटिश म्यूझियममधील चौथ्या अनास्तासी पपायरसात, इ. स. पू. तेराव्या शतकाच्या अखेरीस, दूरच्या ठाण्यावर अडकून पडलेला एक अधिकारी तेथील चिलटे, उकाडा व कुत्री यांविषयी तक्रार करतो, आणि आपल्याबरोबरच्या लेखकाचे वर्णन करतो. त्या लेखकाच्या तोंडाचे स्नायू उडत असतात, डोळ्यांत रोग शिरलेला असतो आणि कृमी त्याचा दात कुरतडीत असतो. दातात किडा शिरतो ही कल्पना बॅबिलोनियातही होती, आणि सुश्रुतसंहितेतील 'कृमिदन्त' हे रोगनामही तिचीच साक्ष देते. मराठी भाषकही 'दाताला कीड लागली' असे आजतागायत म्हणतो. तीन समाजांनी ही कल्पना एकमेकांकडून घेतली, असे म्हणण्यास आधार नाही; वेदनेचे कुरतडणे हेच तिचे समान मूळ असावे. आणि हा लेखक कृमीला दोष देत असताना त्याच्या दाताचा खरा शत्रू त्याच्या शिदोरीतच होता, असे मानण्यास जबडे पुरेसा आधार देतात.

६

शस्त्रक्रियेचा प्रश्न यापुढचा आहे. जबड्याच्या आघातांविषयी इजिप्शियन वैद्यांचे ज्ञान खरोखरच प्रशंसनीय होते. एडविन स्मिथ याने १८६२ साली लक्सर येथे विकत घेतलेल्या आणि जेम्स हेन्री ब्रेस्टेडने १९३० साली संपादिलेल्या पपायरसात आघातांची ४८ प्रकरणे आहेत. त्यांतील पंचविसाव्या प्रकरणात निखळलेला खालचा जबडा बसविण्याची रीत दिली आहे. दोन्ही अंगठे तोंडात घालून जबड्याच्या मागील टोकांवर ठेवावेत, बोटांनी हनुवटी खालून धरावी आणि जबडा मागे सारून जागी बसवावा, असे त्यात सांगितले आहे. आजही हीच रीत तत्त्वतः अनुसरली जाते. त्याआधीच्या प्रकरणातील जबड्याचा अस्थिभंग मात्र 'उपचार न करण्याजोगा' म्हणून सोडून दिला आहे. आपल्या विद्येची मर्यादा स्पष्ट शब्दांत नोंदविण्याची ही वृत्ती त्या ग्रंथकाराच्या निरीक्षणाइतकीच मोलाची आहे.

दातांच्या बाबतीत असे काही सापडत नाही. दात उपटण्याची कृती कोणत्याही वैद्यकीय पपायरसात दिलेली नाही. गिझा येथील एका जबड्यात दाढेखाली दोन छिद्रे आहेत. पू काढण्यासाठी ती मुद्दाम पाडली असावीत, असे अर्नेस्ट हूटनने १९१७ साली प्रतिपादिले; ती पुवाने स्वतःच पाडलेली वाट आहे, असे नंतरच्या अभ्यासकांनी दाखविले. गिझा येथेच हेरमान युंकर याला १९१४ साली सोन्याच्या तारेने जोडलेल्या दोन दाढा सापडल्या, आणि १९५२ साली एल-कत्ता येथे अशाच प्रकारचे दुसरे उदाहरण मिळाले. हलणारा दात शेजारच्या दाताला बांधून स्थिर करण्याचा हा प्रयत्न असावा, असे काहींचे म्हणणे आहे. लीकने तो उपचार मानण्यास नकार दिला. मृताचे शरीर परिपूर्ण असावे म्हणून ममी तयार करतानाही असे दात बांधले गेले असणे संभवते. प्रत्यक्ष उपचाराचा सबळ पुरावा मात्र उत्तरकाळातला आहे. मॉन्ट्रियलच्या रेडपाथ म्यूझियममधील टॉलेमी-काळातील एका तरुण पुरुषाच्या ममीत दोन दातांमधील मोठी पोकळी तागाच्या कापडाच्या बोळ्याने भरलेली आढळल्याचे २०१२ साली प्रसिद्ध झाले. अन्न आत जाऊ नये आणि औषध जागी राहावे, एवढाच त्याचा हेतू असावा. एबर्स पपायरसातील 'दाताशी भरावे' या सूचनेशी सुसंगत असा जो पुरावा मिळाला, तो असा त्या ग्रंथानंतर सहस्राहून अधिक वर्षांनी मिळाला.

७

वरील विवेचनावरून काढावयाचे निष्कर्ष मर्यादित, परंतु निश्चित आहेत. पदव्यांतील शब्दांवरून प्राचीन इजिप्तमध्ये प्रगत दंतवैद्यक होते असे म्हणणे धाडसाचे ठरते. राजांचे जबडेच त्याविरुद्ध उभे राहतात. उलटपक्षी, केवळ अस्थींवरून त्या समाजाला आपल्या वेदनेची जाणीव नव्हती असे म्हणणेही तितकेच चूक आहे. औषधाच्या यादीतील एक क्रियापद, शाळेतील पत्रात आलेला एक कृमी आणि काहूनच्या पपायरसातील ते न उघडणारे तोंड ही त्या जाणिवेची साक्ष देतात. पदवी ही माणसाने स्वतःविषयी जगाला सांगावयाची गोष्ट असते. क्रियापद नकळत सत्य सांगून जाते. म्हणून रोगांच्या इतिहासात नामांपेक्षा क्रियापदे अधिक विश्वसनीय मानावीत, एवढी शिकवण या विषयातून भाषाशास्त्राच्या विद्यार्थ्याने घेण्यासारखी आहे.

जो समाज मुखाच्या उच्चारातून सृष्टी निर्माण झाली असे मानीत होता, त्याच समाजातील प्रत्येक मुख रोजच्या भाकरीने कणाकणाने झिजत होते. मृतासाठी भाकरी अर्पण करणाऱ्याने त्याच्या मुखोद्घाटनाचा विधीही तितक्याच निष्ठेने केला. या दोन गोष्टींतील विसंगती त्याला जाणवण्याचे कारण नव्हते. कारण भाकरी आणि मुख ही त्याच्या दृष्टीने जीवनाचीच दोन नावे होती.